जुन्या ग्रंथसूचींची मागणीनुसार पुनर्मुद्रणे : तीन पुस्तकांवर अभिप्राय

स्वामित्वहक्काची मुदत संपलेले ग्रंथ स्कॅन करून ठेवायचे आणि मागणी येईल तशी एकेक प्रत छापून पाठवायची, असा व्यवसाय करणाऱ्या पुनर्मुद्रण सेवा आता पुष्कळ झाल्या आहेत. त्यांच्या यादीत कादंबऱ्या, प्रवासवर्णने आणि इतिहास यांच्या बरोबरीने एकोणिसाव्या शतकातील ग्रंथालयांच्या छापील सूचीही असतात. अशा सूची विकत घेणारी माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी असतील. पण जी घेतात ती वापरण्यासाठीच घेतात, कारण ग्रंथसूची ही दिवाणखान्यात शोभेला ठेवण्याची वस्तू नव्हे. एखादा जुना ग्रंथ कोणत्या साली, किती खंडांत, कोणत्या आवृत्तीत निघाला आणि त्या काळच्या वाचकाला तो कोणत्या विषयाखाली सापडत होता, हे पाहायचे तर या सूचींवाचून गत्यंतर नसते. गेल्या वर्षभरात अशा एका सेवेकडून मी तीन पुस्तके मागवली आणि तिन्ही कामात वापरून पाहिली. त्यांतले एक परत केले, एक नाइलाजाने ठेवून घेतले आणि एक मात्र मनापासून आवडले.

पहिले पुस्तक म्हणजे १८७० नंतरच्या दशकात छापल्या गेलेल्या, एका मोठ्या ग्रंथालयाच्या सूचीचा एक खंड. दुसरे एका बहुखंडी इतिहासग्रंथाचा दुसरा खंड. आणि तिसरे अमेरिकन ग्रंथपाल चार्ल्स ॲमी कटर यांनी छापील कोशरूप सूचीसाठी, म्हणजे सगळ्या नोंदी शब्दकोशासारख्या एकाच वर्णानुक्रमात लावणाऱ्या सूचीसाठी, केलेली १८७६ ची नियमावली. सेवेचे नाव मी देत नाही, आणि पहिल्या दोन ग्रंथांची नावेही मुद्दाम गाळली आहेत. एकच स्कॅन वेगवेगळ्या विक्रेत्यांच्या नावाखाली, वेगवेगळ्या मुखपृष्ठांसह विकले जाते. तेव्हा एकाच्या माथी दोष मारून बाकीच्यांना मोकळे सोडण्यात अर्थ नाही.

परीक्षणासाठी कसोटी मला कटर यांच्याच पुस्तकात आयती मिळाली. सूचीने काय साधायचे असते, ते त्यांनी आरंभीच सांगितले आहे. लेखक, शीर्षक किंवा विषय यांपैकी एक जरी ठाऊक असले तरी वाचकाला पुस्तक सापडले पाहिजे. अमुक लेखकाचे, अमुक विषयावरचे किंवा अमुक वाङ्मयप्रकारातले ग्रंथालयात काय काय आहे, ते सूचीने दाखवले पाहिजे. आणि कोणती आवृत्ती घ्यावी, ग्रंथ कोणत्या स्वरूपाचा आहे, हे ठरवताना तिची मदत झाली पाहिजे. कटर हे नुसते नियम सांगून थांबणारे गृहस्थ नव्हते. बॉस्टन अथेनिअम या ग्रंथालयाची पाच खंडांची सूची त्यांच्या हातून १८७४ ते १८८२ या काळात छापून पूर्ण झाली, आणि तिच्यात लेखक, शीर्षक व विषय या तिन्ही प्रकारच्या नोंदी एकाच वर्णानुक्रमात लावलेल्या आहेत. म्हणून पुनर्मुद्रित सूचीलाही मी हेच विचारले, की तिच्यात शोधल्यावर सापडते का. आणि गंमत अशी, की हा प्रश्न पुस्तक हाती येण्याच्या कितीतरी आधी, ते मागवतानाच उभा राहिला.

विक्रेत्याच्या संकेतस्थळावर सूचीचा तो खंड शोधायला मला जवळजवळ अर्धा तास लागला. पूर्ण शीर्षक टाकले तर काहीच निघाले नाही, कारण त्यांच्या यादीत शीर्षक मध्येच तुटलेले होते. ग्रंथालयाचे नाव टाकले तेव्हा सहा पुस्तके आली. सहाही एकाच नावाची, एकाच चित्राची, आणि खंडाचा उल्लेख एकाही ठिकाणी नाही. लेखक म्हणून कुठे ग्रंथालयाचे नाव होते, कुठे कोणा संपादकाचे, तर दोन ठिकाणी ‘अनामिक’. प्रकाशनाचे वर्ष म्हणून सर्वत्र पुनर्मुद्रणाचेच वर्ष दिलेले होते. मूळ ग्रंथ कधीचा आहे हे कळायला मार्ग नव्हता. शेवटी पृष्ठसंख्येवरून अंदाज बांधला आणि तो सुदैवाने बरोबर निघाला. इतिहासग्रंथाच्या बाबतीत हाच अंदाज चुकला आणि दुसऱ्या खंडाऐवजी पहिला हाती आला. कटर यांची तिन्ही उद्दिष्टे एका नोंदीत धुळीला मिळवायची असतील, तर ती अशी मिळवावीत. सूची विकणाऱ्यांना स्वतःच्या मालाची धड सूची करता येऊ नये, याला काय म्हणावे?

हे वाचून कोणाला वाटेल, की एका नोंदीचे एवढे काय मनावर घ्यायचे. लेखक आणि शीर्षक दिले म्हणजे झाले. अगदी हाच युक्तिवाद एकोणिसाव्या शतकात झालेला आहे. ब्रिटिश म्युझियमच्या कारभाराची चौकशी करण्यासाठी १८४७ मध्ये शाही आयोग नेमला गेला, तेव्हा तेथील मुद्रित ग्रंथांचे प्रमुख अँटोनिओ पानिझ्झी यांच्या सविस्तर नोंदींवर वाचकांनी पुष्कळ टीका केली. आयोगाचे सचिव जॉन पेन कोलियर यांचे म्हणणे असे, की थोडक्यात नोंदी केल्या तर काम झपाट्याने उरकेल. आणि ते दाखवून देण्यासाठी त्यांनी स्वतःच्या संग्रहातल्या पंचवीस पुस्तकांच्या नोंदी नमुन्यादाखल करून दिल्या. पानिझ्झी यांनी त्या आपले सहकारी जॉन विंटर जोन्स यांच्याकडे तपासायला सोपवल्या. त्या पंचवीस नोंदींत इतक्या तऱ्हेच्या चुका निघाल्या, की घाईने केलेली नोंद कशी असते याचा तो नमुनाच ठरला. स्वतःचीच पुस्तके समोर ठेवून एका जाणत्या माणसाने केलेल्या नोंदींची ही गत. मग पुस्तक न उघडताच यंत्राने हजारोंनी तयार केलेल्या नोंदींकडून काय अपेक्षा ठेवायची! ‘खंड दुसरा’ हे दोन शब्द गाळले गेले म्हणून मला एक पार्सल परत पाठवावे लागले, आणि कोलियर यांची आठवण झाली.

पुस्तके हाती आल्यावरचा पहिला अनुभव मात्र चांगला होता, हे सांगितले पाहिजे. कागद पांढरा, जाड आणि आम्लविरहित आहे. मूळ ग्रंथ ज्यांनी हाताळले आहेत त्यांना याचे मोल वेगळे सांगायला नको. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात चिंध्यांच्या कागदाची जागा लाकडाच्या लगद्याच्या कागदाने घेतली, आणि शाई फुटू नये म्हणून त्यात तुरटी व राळ घालत. त्यातून निर्माण होणाऱ्या आम्लाने कागद आतून जळत जातो. तो आधी पिवळा, मग तपकिरी होतो, आणि शेवटी पान उलटताना कोपरा बोटातच राहतो. चामड्याच्या बांधणीची तांबूस भुकटी तळहाताला लागते ती वेगळीच. अशा ग्रंथात पेन्सिलीने खूण करण्याचा विचारही मनात येऊ नये. पुनर्मुद्रणात खुणा करता येतात, चिठ्ठ्या घालता येतात, टेबलावर उताणे दाबून ठेवता येते. निदान चार दिवस तरी ठेवता येते, कारण बांधणी शिवणीची नाही, नुसत्या डिंकाची आहे. कादंबरी माणूस एकदा वाचतो आणि मिटून ठेवतो. सूची दिवसातून वीसदा मधूनच उघडली जाते. माझ्या प्रतीचा कणा तिसऱ्या आठवड्यात मध्यभागी तडकला, आणि आता ती आपोआप त्याच एका पानावर उघडते.

मुखपृष्ठावर समुद्रकिनाऱ्यावरच्या सूर्यास्ताचे चित्र आहे. त्याबद्दल मी काही बोलत नाही.

आता प्रत्यक्ष पानाकडे वळतो. जुन्या सूचीचे पान ही खिळाजुळणीची कमाल असते. दोन स्तंभ, अगदी बारीक खिळे, लेखकाचे आडनाव ठळक ठशात समासाला भिडलेले, त्याखाली त्याची पुस्तके जराशी आत सरकवलेली. त्याच लेखकाचे दुसरे पुस्तक आले की नाव पुन्हा न छापता तेथे एक आडवी लांब रेघ येते. तेच पुस्तक, पण वेगळी आवृत्ती, असेल तर रेघा दोन होतात. मग आकाराची खूण, म्हणजे एका तावाची घड्या घालून किती पाने केली ते सांगणारा चार किंवा आठचा आकडा आणि त्याच्या डोक्यावर इवलेसे वर्तुळ. मग छापल्याचे ठिकाण, वर्ष आणि कपाटाचा क्रमांक. ‘अमुक पाहा’ असे सांगणाऱ्या नोंदी यांच्या मधूनमधून पेरलेल्या. पानाच्या माथ्यावर डावीकडे पहिल्या नोंदीचा आणि उजवीकडे शेवटच्या नोंदीचा शब्द असतो, आणि शोधणारा माणूस नोंदी वाचतच नाही, माथ्यावरचे शब्द पाहत पाने उलटत जातो. रेघ, जागा, खूण, ठसा यांतले प्रत्येक काही सांगत असते. गोष्टीच्या पुस्तकातला एखादा स्वल्पविराम पुसला गेला तर वाचक तो मनाने भरून घेतो. येथे मनाने भरण्यासारखे काही नसते.

पुनर्मुद्रकाने काय केले आहे? सगळ्या पुस्तकांसाठी त्याच्याकडे एकच ठरलेला आकार आहे, आणि मूळ पान त्याहून मोठे असल्यामुळे ते आक्रसून बसवले आहे. मुळातच बारीक असलेला मजकूर त्यामुळे भिंग घेतल्याशिवाय वाचता येत नाही. वर स्कॅन निव्वळ काळ्या-पांढऱ्यात केलेले, करड्या छटांना त्यात थारा नाही. परिणामी अक्षरांचे बारीक फाटे तुटले आहेत आणि जाड भागांत शाई फुगल्यासारखी दिसते. तीन आणि आठ यांत फरक राहिलेला नाही. एका नोंदीतले वर्ष १८३३ आहे की १८३८, हे ठरवण्यासाठी मी भिंगाखाली ते पान पाच मिनिटे धरले आणि शेवटी मूळ स्कॅन शोधून पाहिले. ते १८३८ निघाले. पाच वर्षांचा हा फरक पहिली आवृत्ती आणि दुसरी आवृत्ती यांच्यातला होता, म्हणजे जे पाहण्यासाठी सूची उघडली तेच नेमके हरवलेले.

आणखी एक उदाहरण देतो, कारण ते मला फारच बोलके वाटले. जुन्या लॅटिन ग्रंथांवर छापल्याच्या गावाचे नावही लॅटिनमध्ये असते, आणि सूचीत ते बहुधा संक्षेपाने येते. लुग्दुनुम म्हणजे लिआँ. लुग्दुनुम बाताव्होरुम म्हणजे लायडन. माझ्या प्रतीत एका पानाची आतली कड बांधणीच्या खाचेत गेली आहे आणि उजव्या स्तंभाची शेवटची तीनचार अक्षरे प्रत्येक ओळीत अर्धवट झाली आहेत. संक्षेपाचा दुसरा शब्द तिथे नाहीसा झाला की लायडनला छापलेले पुस्तक अलगद लिआँला जाऊन पोहोचते, आणि वाचकाला शंकाही येत नाही, कारण उरलेला शब्द आपल्यापरीने पूर्णच असतो. दिसणारी चूक परवडते. अशी न दिसणारी चूक मात्र पुढच्या तीन लेखांत उतरते.

पाने गहाळ असणे हा या व्यवसायातला नेहमीचा दोष. माझ्या खंडात ३१२ नंतर एकदम ३१७ वे पान येते. स्कॅन करणाऱ्याने दोन पाने एकदम उलटली, एवढेच ते. इतिहासाच्या पुस्तकात चार पृष्ठे नसली की वाक्य मध्येच तुटते आणि दोष लगेच ध्यानात येतो. सूचीत मात्र एक नोंद संपते, दुसरी सुरू होते, सगळे सुरळीत वाटते, आणि गहाळ पृष्ठांवरचे लेखक त्या ग्रंथालयात कधी नव्हतेच असा समज होऊन बसतो. सूचीत एखादे नाव नसणे हीसुद्धा माहितीच असते आणि संशोधक तिच्यावर विसंबून निष्कर्ष काढतात. म्हणून माझी सूचना आहे, की अशी प्रत हाती आल्यावर प्रथम सगळे पृष्ठक्रमांक ओळीने तपासावेत; कंटाळवाणे काम आहे, पण तासाभरात होते.

अपुऱ्या सूचीचे दुखणे तसे पुनर्मुद्रणांपुरते नाही. पानिझ्झी यांची ९१ नियमांची प्रसिद्ध नियमावली ज्या खंडाच्या आरंभी १८४१ मध्ये छापली गेली, तो ब्रिटिश म्युझियमच्या सूचीचा ‘ए’ या अक्षराचा खंड होता, आणि त्या मालिकेतला छापला गेलेला तो एकमेव खंड ठरला. सगळ्या नोंदी तयार झाल्याशिवाय छपाईला हात घालू नये, असे पानिझ्झी यांचे मत होते, कारण पुढच्या अक्षरांचे काम करताना मागच्या अक्षरात घालण्याजोग्या नोंदी निघतच राहणार. विश्वस्तांना मात्र अक्षराअक्षराने छापलेले खंड लवकर हवे होते. छपाई थांबली. त्यानंतर हाताने लिहिलेल्या नोंदींच्या चिठ्ठ्या मोठाल्या कोऱ्या खंडांत सुट्या सुट्या डकवून सूची वाढवली जाऊ लागली, म्हणजे नवी नोंद आली की जुनी चिठ्ठी उचलून खाली सरकवता येई. हे खंड इतके फुगले, की अखेर १८८१ मध्ये छपाई पुन्हा हाती घ्यावी लागली, आणि ती १९०० मध्ये पुरी झाली. हा इतिहास ठाऊक असला म्हणजे जुन्या छापील सूचीकडे पाहण्याची दृष्टी बदलते. ती छापली त्याच दिवशी मागे पडू लागलेली असते, आणि तिचा खरा जीव नंतर समासात हाताने लिहिल्या गेलेल्या भरतीत असतो.

स्कॅन होतात त्या प्रती अनेकदा ग्रंथालयांच्या स्वतःच्या कामाच्या प्रती असतात. त्यांच्या समासांत ग्रंथपालांनी बदललेले कपाट-क्रमांक लिहिलेले असतात, हरवलेल्या पुस्तकांवर काट मारलेली असते, नंतर आलेली आवृत्ती बारीक अक्षरांत भरलेली असते. ज्या ग्रंथावरून माझी प्रत छापली, त्याचे मूळ स्कॅन मी संगणकावर पाहिले तेव्हा जवळजवळ प्रत्येक पानावर असे काहीतरी दिसले. पुनर्मुद्रकाने ‘पाने स्वच्छ करण्या’साठी वापरलेल्या संगणकप्रणालीने हा सारा मजकूर डाग समजून पुसला आहे. काही ठिकाणी पुसता पुसता शेजारची छापील खूणही गेली. ग्रंथालयाचा शिक्का तेवढा शीर्षकपृष्ठावर अर्धा उरला आहे. माझ्या मते या पुनर्मुद्रणाचा हा सर्वांत मोठा अपराध आहे, गहाळ पानांहूनही मोठा; गहाळ पाने दुसरीकडून आणता येतात, पण नीटनेटकेपणाच्या हौसेपायी पुसलेले अस्तित्वात होते हेच वाचकाला कळत नाही.

याच सूचीची एक ‘नव्याने अक्षरजुळणी केलेली’ आवृत्तीही हीच सेवा विकते. म्हणजे स्कॅनवरून यंत्राने वाचलेला मजकूर, माणसाचा हात न लागता, मोठ्या ठशात छापलेला. तिची नमुन्याची पाने मी पाहिली आणि पुढे जाण्याची गरज उरली नाही. यंत्राने दोन स्तंभ आडवे सलग वाचले आहेत, त्यामुळे डाव्या स्तंभातल्या लेखकाच्या नावापुढे उजव्या स्तंभातले पुस्तक येते. आडव्या रेघा गळून पडल्या आहेत, त्यामुळे कोणते पुस्तक कोणाचे याचा पत्ता नाही. आठाच्या डोक्यावरचे वर्तुळ शून्य झाले आहे, म्हणून प्रत्येक पुस्तकापुढे ‘८०’ हा आकडा दिसतो आणि तो पृष्ठसंख्येसारखा वाटतो. ‘पाहा’ सांगणाऱ्या नोंदी आहेत, पण त्या जेथे पाठवतात तेथे त्या नावाची जागाच शिल्लक नाही. ही आवृत्ती कोणीही, कोणत्याही कारणासाठी विकत घेऊ नये.

तसे पाहिले तर प्रत्येक नोंद सुटी करून हवी तशी पुन्हा वापरावी, ही कल्पनाही एकोणिसाव्या शतकातलीच आहे. स्मिथसोनियन संस्थेचे ग्रंथपाल चार्ल्स ज्युएट यांनी १८५० च्या सुमारास अशी योजना मांडली होती, की प्रत्येक पुस्तकाच्या नोंदीचा स्वतंत्र ओतीव ठसा करून ठेवावा आणि निरनिराळ्या ग्रंथालयांनी त्याच ठशांची आपापल्या क्रमाने जुळणी करून सूची छापाव्यात. ठशांसाठी धातूऐवजी मातीमिश्रित पदार्थ वापरला गेला, ठसे वाकडे झाले आणि योजना बारगळली. तिची थट्टा ‘चिखलाची सूची’ म्हणून झाली. ज्युएट यांचे ठसे वाकले, पण त्यांच्या नोंदी तरी नियमांनी बांधलेल्या आणि माणसांनी तपासलेल्या होत्या.

इतिहासग्रंथाबद्दल फार लिहीत नाही, कारण तो परत गेला. तरी पहिला खंड चुकून आलाच होता म्हणून दोन दिवस ठेवून चाळला. सलग गद्य असल्यामुळे येथे आकार लहान होण्याचा त्रास कमी होतो आणि वाचन सुखाने होते. पण मूळ ग्रंथात घडी घालून बसवलेला मोठा नकाशा होता, आणि स्कॅन करणाऱ्याने घडी न उलगडताच पान पुढे ढकलले आहे. आपल्याला दिसते ती घडीची पाठ आणि तिच्यावर पलीकडच्या नद्यांची पुसट सावली. वंशावळीच्या तक्त्याचीही तीच अवस्था. शेवटचे शुद्धिपत्र मात्र शाबूत आहे, आणि एका पानाच्या कोपऱ्यात स्कॅन करणाऱ्याचा रबरी टोपण घातलेला अंगठाही. पुस्तक बदलून देण्याविषयी लिहिल्यावर तीन दिवसांत उत्तर आले, पैसे परत मिळाले, पण ‘दुसरा खंड कोणता?’ या माझ्या प्रश्नाला उत्तर देता आले नाही. त्यांच्या नोंदीतच ते नव्हते, ते तरी कोठून सांगणार?

कटर यांच्या नियमावलीने मात्र सगळा शीण घालवला. मुळात लहान पुस्तक. अमेरिकेतल्या सार्वजनिक ग्रंथालयांवरच्या सरकारी अहवालाचा दुसरा भाग म्हणून ते १८७६ मध्ये निघाले. त्याच वर्षी मेल्व्हिल ड्युई यांची दशांश वर्गीकरणाची छोटी पुस्तिकाही प्रसिद्ध झाली, हा योगायोग ग्रंथालयशास्त्राच्या विद्यार्थ्यांना पाठच असतो. या पुनर्मुद्रणाचे स्कॅन करड्या छटांत केलेले आहे, पाने सर्व आहेत, समास प्रशस्त आहेत, आणि नियमांच्या खालची बारीक टिपणेही भिंगाशिवाय वाचता येतात. पहिल्या आवृत्तीत २०५ नियम आहेत. चौथ्या, १९०४ च्या आवृत्तीपर्यंत ते ३६९ झाले. विद्यार्थी बहुधा चौथी आवृत्तीच पाहतात, पण पहिली वाचण्यात वेगळी गोडी आहे. नियम थोडे असल्यामुळे त्यांच्यामागचा वाद अजून उघडा आहे. लेखकाने टोपणनाव घेतले असेल तर नोंद कोठे करायची, संस्थेला लेखक मानायचे की नाही, विषयाची नोंद व्यापक शब्दाखाली करायची की नेमक्या, या प्रत्येक ठिकाणी कटर दोन्ही बाजूंची किंमत मोजतात आणि बहुतेक वेळा वाचकाच्या सोयीकडे झुकतात. मांजरांवरचे पुस्तक ‘प्राणी’ या शब्दाखाली न लपवता ‘मांजर’ या शब्दाखालीच द्यावे, हा त्यांचा नेमक्या विषयाचा आग्रह. विक्रेत्यांनी पुस्तके ज्या ‘इतिहास’ किंवा ‘सामान्य’ अशा ढोबळ कप्प्यांत लोटून दिलेली आहेत, ते पाहता हा आग्रह आजही शिळा झालेला नाही.

हे सारे संगणकावर फुकट पाहायला मिळत असताना विकत कशाला घ्यायचे, असे कोणी विचारील, आणि प्रश्न रास्त आहे. इंटरनेट आर्काइव्ह, तसेच विद्यापीठांच्या ग्रंथालयांनी मिळून २००८ मध्ये उभारलेले हाथीट्रस्ट, या स्कॅन केलेल्या ग्रंथांच्या दोन संग्रहांकडे एकोणिसाव्या शतकातल्या छापील सूची मोठ्या प्रमाणात आहेत, बऱ्याच ठिकाणी रंगीत स्कॅनमध्ये, समासातल्या हस्ताक्षरांसह. एकाच खंडाच्या दोन निरनिराळ्या ग्रंथालयांतल्या प्रती तेथे शेजारी उघडून पाहता येतात, आणि एकीतले गहाळ पान दुसरीत मिळते. एखादी विशिष्ट नोंद काढायची असेल तर पडद्यावरचे स्कॅन केव्हाही सरस. १८३८ चा उलगडा मला तेथेच झाला. पण सूची चाळणे हे वेगळे काम आहे. एका आडनावाची दोनतीनशे पुस्तके नजरेखालून घालायची, मधेच बोट ठेवून ‘पाहा’ म्हटलेल्या ठिकाणी जायचे, परत यायचे, दोन पानांत एकाच वेळी खुणा करायच्या, हे पडद्यावर करताना डोळे आणि चित्त दोन्ही थकतात. त्या कामासाठी कागद हवा, आणि म्हणूनच दोषांसकट ती एक प्रत माझ्याकडे राहिली.

मागवायचेच असेल तर माझ्या अनुभवातून एवढे सांगतो. ज्या विक्रेत्याच्या नोंदीत मूळ प्रकाशनाचे वर्ष आणि खंडक्रमांक नाही, त्याच्याकडून बहुखंडी काहीही घेऊ नये. नमुन्याची पाने दाखवत असतील तर मजकुराची पाहावीत, शीर्षकपृष्ठावर भुलू नये. आणि त्यांत वर्षांचे आकडे सुटे वाचता येतात का, ते बघावे. पानाचा मूळ आकार आणि पुनर्मुद्रणाचा आकार यांत फरक किती, ते विचारावे. उत्तर आले नाही तर तेच उत्तर समजावे. ‘नव्याने अक्षरजुळणी’ हे शब्द दिसले की पान बंद करावे. एकस्तंभी, सलग मजकुराची पुस्तके, नियमावल्या, ग्रंथपालांचे अहवाल असे काही हवे असेल तर मात्र निर्धास्त घ्यावे; कटर यांच्या पुस्तकाची प्रत मी ग्रंथालयशास्त्र शिकणाऱ्या दोघांना भेट म्हणून मागवून दिली आहे आणि दोन्ही प्रती चांगल्या निघाल्या.

सूचीच्या खंडातली ३१३ ते ३१६ ही पृष्ठे मी हाथीट्रस्टवरच्या स्कॅनवरून त्याच मापात छापून घेतली आणि ३१२ व्या पानाच्या आतल्या कडेला खळीने चिकटवली. कणा तडकल्यापासून प्रत आपोआप उघडते ती नेमकी तेथेच.